पेशंटला निर्णय घ्यायला मदत करायची आणि त्यातच रिसर्च करिअर करायचं, तर सुरुवात कुठून करायची

नर्सिंगमध्ये असलात तर हा प्रश्न तुम्ही शंभर वेळा ऐकला असेल, "सिस्टर, तुम्ही माझ्या जागी असता तर काय केलं असतं?" आणि आपण बहुतेक जणी काय करतो, एकतर पटकन आपलं मत सांगून टाकतो नाहीतर "डॉक्टरांना विचारा हं" म्हणून पुढच्या बेडकडे जातो. मी दोन्ही केलंय, कित्येक वर्षं केलंय. या एका प्रश्नाच्या मागे लागून नर्स आख्खं करिअर उभं करू शकते, पीएचडी, मोजपट्ट्या, ट्रायल्स, जगभर वापरली जाणारी साधनं, हे मला फार उशिरा कळलं. तुम्हाला लवकर कळावं म्हणून हे लिहितेय. थोडं लांबेल, पण ज्यांना खरंच यात पडायचंय त्यांनी शेवटपर्यंत वाचा.

आधी एक नाव लक्षात ठेवा, ॲनेट ओ'कॉनर. कॅनडातल्या ओटावा विद्यापीठात नर्सिंगच्या प्राध्यापक होत्या. १९८९ मध्ये त्यांचा एक पेपर आला, कॅन्सरच्या किमोथेरपीबद्दल पेशंटला आकडे कसे सांगितले, म्हणजे जगण्याच्या बाजूने सांगितले की मरण्याच्या बाजूने, यावर त्यांची पसंती कशी बदलते यावर. मग १९९५ मध्ये डिसिजनल कॉन्फ्लिक्ट स्केल, म्हणजे निर्णय घेताना माणूस किती आणि कुठे अडकलाय हे मोजायची पट्टी. १९९८ मध्ये ओटावा डिसिजन सपोर्ट फ्रेमवर्क, म्हणजे निर्णयात मदत कशी करायची याची चौकट, आणि त्याच वर्षी पाळी गेलेल्या बायकांसाठी हार्मोन थेरपीच्या निर्णयावरची एक ट्रायल. १९९९ मध्ये डिसिजन एड्स, म्हणजे पेशंटला निर्णय घ्यायला मदत करणारी साधनं, यांच्या सगळ्या ट्रायल्स एकत्र तपासणारा रिव्ह्यू, जो पुढे कॉक्रेन (उपचारांचा पुरावा तपासणारी आंतरराष्ट्रीय संस्था) रिव्ह्यू म्हणून चालू राहिला. २००३ पासून आयपीडास नावाचा आंतरराष्ट्रीय गट, जो अशी साधनं चांगली की वाईट हे कसं ठरवायचं याचे निकष बनवतो, तो त्यांनी ग्लिन एल्विन या संशोधकांबरोबर उभा केला. क्रम बघा जरा. आधी छोटा प्रश्न, मग मोजमाप, मग चौकट, मग साधन आणि ट्रायल, मग सगळ्यांच्या ट्रायल्स एकत्र करून बघणं, मग निकष. उगाच इकडून तिकडे उड्या नाहीत. वर्षानुवर्षं एकच प्रश्न, की हा माणूस नेमका कुठे अडकलाय आणि ती अडचण कशी काढायची. माझ्या मते या करिअरचं सगळं गुपित या "कुठे अडकलाय" मध्ये आहे आणि पुढे मी परत परत तिथेच येणारे.

कुठल्या निर्णयांसाठी हे सगळं करायचं

सगळ्या निर्णयांसाठी नाही. पोटात अपेंडिक्स फुटलंय आणि आपण वही घेऊन "तुम्हाला काय महत्त्वाचं वाटतं" विचारत बसलोय असं करायचं नाही. जिथे एकापेक्षा जास्त पर्याय वैद्यकीयदृष्ट्या योग्य आहेत, प्रत्येकाचे फायदे तोटे वेगळे आहेत आणि कुठलं ओझं कोणाला जड वाटेल हे माणसागणिक बदलतं, ते आपले निर्णय. सगळ्यात ठळक उदाहरण म्हणजे सुरुवातीच्या टप्प्यातला स्तनाचा कॅन्सर. फक्त गाठ काढून रेडिएशन घ्यायचं की पूर्ण स्तन काढायचा? २००२ मध्ये अमेरिकेतल्या फिशर यांच्या आणि इटलीतल्या वेरोनेसी यांच्या अशा दोन ट्रायल्सचे वीस वर्षांचे निकाल आले आणि दोन्हीत जगण्याच्या प्रमाणात फरक दिसला नाही. म्हणजे आयुष्याच्या लांबीवर निर्णय होत नाही, निर्णय होतो तो बाकीच्या गोष्टींवर, स्तन राहणं किती महत्त्वाचं, रेडिएशनच्या फेऱ्या जमणारेत का, गाठ परत त्याच जागी येईल ही भीती किती त्रास देणार. याची उत्तरं कुठल्याच रिपोर्टमध्ये नसतात, ती त्या बाईकडेच असतात.

आणि हे बघायला अजून एक कारण आहे. जॉन वेनबर्ग या अमेरिकन डॉक्टर-संशोधकांनी १९७३ मध्ये अमेरिकेतल्या व्हरमाँट राज्यातले आकडे छापले होते, एका गावात मुलांचे टॉन्सिल सर्रास काढले जात होते आणि शेजारच्या भागात त्या मानाने फारच कमी. मुलं तर सारखीच. फरक होता तो तिथल्या डॉक्टरांच्या सवयीत. म्हणजे पेशंटने निर्णय घेतला नाही तर निर्णय होत नाही असं नाही, तो होतोच, फक्त पेशंट कोणाच्या दारात गेला त्यावर होतो.

बेडपाशी बसून काय करायचं

हा भाग मी जरा सविस्तर लिहिते कारण रिसर्च रिसर्च करणाऱ्या बऱ्याच जणी इथेच कच्च्या असतात, आणि बेडपाशी जमलं नाही तर पुढचं सगळं कागदी राहतं.

एक पेशंट मला कधीच विसरता येणार नाही. चाळिशीच्या पुढची बाई, वर सांगितला तोच निर्णय. मी त्यांच्यासाठी छान तयारी केली होती, चित्रं, आकडे, दोन्ही ऑपरेशनची माहिती, पाऊण तास बसून समजावलं. त्यांनी शांतपणे ऐकलं, प्रश्नही विचारले, परत सांगायला लावलं तर बरोबर सांगितलं. तरी दुसऱ्या दिवशी "अजून ठरलं नाही". तिसऱ्या दिवशीही तेच. मी परत माहिती सांगायला लागले तर त्यांनी माझा हात धरला आणि म्हणाल्या, "सिस्टर, ते सगळं कळलं हो मला. मला गाठच काढायचीय. पण इतके आठवडे रोज रेडिएशनला मला घेऊन कोण येणार, आणि तोवर सासूबाईंकडे कोण बघणार, हे मी घरात बोललेच नाहीये." त्या माहितीत अडकलेल्याच नव्हत्या. त्या अडकल्या होत्या आधारात. आणि मी तीन दिवस माहितीच ओतत होते. मग त्यांच्या नवऱ्याला आणि बहिणीला एकत्र बसवलं, वीस मिनिटांत वेळापत्रक लिहून झालं, कुठल्या दिवशी कोण येणार, घरी कोण थांबणार, आणि त्याच दुपारी त्यांनी संमतीच्या कागदावर सही केली.

तेव्हा पहिली गोष्ट, बोलायच्या आधी अडचण शोधा. यासाठी शुअर टेस्ट म्हणून चार प्रश्नांची छोटी चाचणी आहे, फ्रान्स लेगारे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१० मध्ये मांडलेली, ओटावाच्या कामावरच आधारलेली. चार प्रश्न साध्या भाषेत असे, तुमच्यासाठी सगळ्यात योग्य काय याची खात्री वाटते का? प्रत्येक पर्यायाचे फायदे आणि धोके माहीत आहेत का? त्यातले कुठले फायदे आणि धोके तुम्हाला स्वतःला सगळ्यात जास्त महत्त्वाचे, हे स्पष्ट आहे का? आणि निर्णय घ्यायला पुरेसा सल्ला, पुरेसा आधार मिळतोय का? हो ला एक मार्क, नाही ला शून्य. चार पैकी चार नसतील तर काहीतरी अडलंय असं समजायचं, आणि कुठला नाही आला त्यावरून काय अडलंय तेही कळतं. त्या बाईला मी पहिल्याच दिवशी हे चार प्रश्न विचारले असते तर चौथ्याला नाही आलं असतं. दोन मिनिटांचं काम होतं.

मग जे अडलंय तेच सोडवा, बाकीचं नाही.

माहिती अडली असेल तर आकडे नीट सांगायला शिका, कारण इथे आपण नकळत ढकलतो. "या गोळीने धोका निम्मा होतो" ऐकायला केवढं मोठं वाटतं, पण हजारात दोघांना होणारा त्रास हजारात एकाला होतो असं सांगितलं की तीच गोळी वेगळी दिसते, दोन्ही वाक्यं खरी आहेत पण दुसरं वाक्य माणसाला विचार करू देतं. दोन पर्यायांची तुलना करताना खालचा आकडा एकच ठेवा, एकदा शंभरात आणि एकदा हजारात असं नको. किती काळात ते सांगा, वर्षात की दहा वर्षांत. "शंभरातले ९० जगतात" म्हणालात तर लगेच पुढे "१० जगत नाहीत" हेही म्हणा, कारण १९८२ च्या एका गाजलेल्या अभ्यासात फुप्फुसाच्या कॅन्सरचे तेच आकडे एकदा जगण्याच्या भाषेत आणि एकदा मृत्यूच्या भाषेत दिले तर लोकांची निवड बदलली, आणि लोक म्हणजे नुसते पेशंट नाहीत बरं का, डॉक्टरसुद्धा. "क्वचित", "सहसा", "थोडा धोका" असले शब्द एकटे सोडू नका, माझं क्वचित आणि तुमचं क्वचित एक नसतं.

मी काय करते, एक कोरा कागद घेते, त्यावर दहा गुणिले दहा असे शंभर गोल काढते, पेशंटच्या समोर काढते, आधी छापलेला नाही. मग "तुमच्यासारख्या शंभर जणी समजा" म्हणून जितक्या जणींना तो त्रास होतो तितके गोल पेनाने भरते, एकेक. हळूहळू भरताना पेशंट मोजत असतो, मध्येच म्हणतो "बस, एवढेच?" किंवा "अगंबाई, एवढे?" आणि त्या एका उद्गारात मला त्याच्या मनातला अंदाज काय होता ते कळतं. छापील चित्र नीटनेटकं असतं पण त्यात हा उद्गार मिळत नाही. शेवटी परत सांगायला लावा, पण "समजलं का?" असं नाही विचारायचं, त्याला सगळे हो म्हणतात. "घरी गेल्यावर तुम्ही मुलाला हे कसं सांगाल?" असं विचारा.

महत्त्व अडलं असेल, म्हणजे सगळं माहीत आहे पण आपल्याला काय हवंय तेच उमजत नाहीये, तर तिथे ओटावा पर्सनल डिसिजन गाइड कामाला येतं. त्यात पर्याय मांडायचे, प्रत्येकाचे फायदे आणि धोके लिहायचे आणि प्रत्येकापुढे शून्य ते पाच चांदण्या काढायच्या, मला हे किती महत्त्वाचं. दिसायला पोरखेळ वाटेल पण करून बघा. एका आजोबांनी गुडघ्याच्या ऑपरेशनच्या कागदावर "दुखणं कमी होणं" पुढे तीन आणि "नातवाबरोबर जमिनीवर बसता येणं" पुढे पाच चांदण्या काढल्या. सर्जनला ही गोष्ट माहीतच नव्हती, ती कळल्यावर आधीच सांगता आलं की नवीन सांधा बसवल्यावर जमिनीवर बसणं अवघड जाऊ शकतं, आणि आजोबांनी थांबून अजून काही महिने व्यायाम करून बघायचं ठरवलं. ऑपरेशन झालं नाही म्हणून कोणी याला अपयश म्हणेल तर मला ते अजिबात मान्य नाही.

आधार अडला असेल किंवा घरच्यांचं दडपण असेल तर कोण कोण या निर्णयात आहे, प्रत्येकाला काय वाटतं, आणि पेशंटला स्वतःला कसा निर्णय घ्यायचाय, एकट्याने, सगळ्यांबरोबर, की कोणावर तरी सोपवून, हे विचारा. सोपवणं हाही निर्णयच आहे, तो त्यांचा असेल तर. पण हे पेशंटला एकटं गाठून विचारा. मुलगा शेजारी उभा असताना "तुमच्यावर कोणाचं दडपण आहे का" या प्रश्नाला काय उत्तर येणार.

आणि तो सुरुवातीचा प्रश्न, "तुम्ही काय केलं असतं?" टाळू नका त्याला. मी म्हणते, "सांगीन मी, पण मला कशाची भीती वाटते आणि तुम्हाला कशाची ते वेगळं असेल, तेव्हा आधी तुमचं सांगा, रात्री झोप उडते ती कुठल्या विचाराने?" दहातल्या आठ वेळा मग माझं मत कोणी विचारतच नाही, त्यांना मत नकोच असतं, कोणीतरी बसून ऐकायला हवं असतं.

यातून रिसर्चचा प्रश्न कसा काढायचा

एक छोटी वही करा. नाव नाही, बेड नंबर नाही, ओळख पटेल असं काहीही नाही, फक्त निर्णय कुठला होता, कुठे अडलं, कशाने सुटलं किंवा सुटलं नाही. तीस चाळीस नोंदी झाल्या की तुम्हाला नक्षी दिसायला लागेल. माझ्या वहीत रेडिएशन आणि डायलिसिसच्या निर्णयांत आधाराची अडचण परत परत येत होती आणि माहितीपत्रकं मात्र सगळी माहिती देणारी, आधारावर एक ओळ नाही. तो माझा प्रश्न झाला. वही म्हणजे रिसर्च नव्हे हे लक्षात ठेवा, ती फक्त प्रश्न शोधायला. पेशंटकडून माहिती गोळा करून छापायचीय तर एथिक्स कमिटीची परवानगी आणि पेशंटची संमती आधी, नंतर नाही. यात पळवाट शोधू नका.

मास्टर्सला विषय निवडताना बरेच गाइड सांगतात "अमुक पेशंटमधील ज्ञानाचा अभ्यास", प्रश्नावली वाटा, टक्केवारी काढा, संपलं. ते टाळा जमलं तर. त्याऐवजी गरजांचा अभ्यास करा, एकच निर्णय घ्या आणि तो घेतलेल्या, घेत असलेल्या आणि तो घ्यायला मदत करणाऱ्या लोकांच्या मुलाखती घ्या, काय माहीत नव्हतं, कशाची भीती होती, कोण काय म्हणत होतं. ओटावा फ्रेमवर्कची सुरुवात अशीच होते, आधी निर्णयाच्या गरजा, मग मदत, मग निकाल तपासणं. गरजा नीट कळल्याशिवाय केलेलं साधन कपाटात पडतं. मी सुरुवातीला गरजा न विचारताच एक चौदा पानी माहितीपत्रक केलं होतं, फार मेहनत घेतली होती त्यावर, आणि दोन महिन्यांनी वॉर्डात बघितलं तर ते जेवणाच्या ताटाखाली अंथरलेलं. वाईट वाटलं खूप, पण पेशंटचं काहीच चुकलं नव्हतं, त्यांना हव्या असलेल्या गोष्टी त्यात नव्हत्याच.

त्याच काळात आकडेवारी शिका, मनापासून. नर्सिंगमधल्या हुशार मुली इथे घाबरतात आणि आयुष्यभर दुसऱ्याच्या स्टॅटिस्टिशियनवर अवलंबून राहतात. एपिडेमियोलॉजीचा, म्हणजे आजार कोणाला, किती आणि का होतात या शास्त्राचा एक चांगला कोर्स, ट्रायल कशी वाचायची याचा एक, आणि मुलाखतींचं विश्लेषण कसं करायचं याचा एक, हे तीन झाले तरी पाया पक्का होतो. ओटावाच्या गटाचा ऑनलाइन कोर्सही आहे, फुकट आहे, वेळ काढून पूर्ण करा. त्यांच्याच साइटवर जगभरातल्या डिसिजन एड्सची यादी आहे, आपला विषय घेण्याआधी तिथे बघा, कोणी आधीच चांगलं साधन केलं असेल तर नवीन करण्यापेक्षा ते आपल्या भाषेत, आपल्या लोकांसाठी जुळवून घेणं हे जास्त मोलाचं काम आहे.

साधन बनवणं आणि तपासणं

डिसिजन एड म्हणजे माहितीपत्रक नव्हे. माहितीपत्रक आजाराबद्दल सांगतं. डिसिजन एड सांगतं की इथे निर्णय घ्यायचाय, पर्याय हे आहेत, काहीच न करणं हाही एक पर्याय असेल तर तोही, प्रत्येकाचे फायदे धोके आकड्यांसकट, आणि तुम्हाला काय महत्त्वाचं ते तुम्हीच तपासायची जागा. ओ'कॉनर यांचं हार्मोन थेरपीचं साधन म्हणजे एक पुस्तिका आणि सोबत ऐकायची ऑडिओ कॅसेट होती, बाईने घरी बसून स्वतःच्या वेगाने ऐकायचं, डॉक्टरकडे जायच्या आधी. किती साधी गोष्ट. ॲप पाहिजेच असं नाही.

बनवताना आयपीडासचे निकष उघडून ठेवा. पुरावा कुठला, तारीख काय, पैसे कोणी दिले, दोन्ही पर्यायांना सारखी जागा दिलीय का. हे शेवटचं फार अवघड, कारण आपलं मन आधीच एका बाजूला झुकलेलं असतं आणि ते विशेषणांतून बाहेर पडतं, एका पर्यायापुढे "सोपी" शस्त्रक्रिया आणि दुसऱ्यापुढे "दीर्घ" उपचार. माझा उपाय असा, मसुदा तीन जणांना वाचायला द्यायचा आणि विचारायचं, लिहिणारीला कुठला पर्याय आवडतो असं वाटतं? तिघांचं एकच उत्तर आलं तर परत लिहायला बसायचं. आधी पेशंट आणि डॉक्टर नर्सेसच्या छोट्या गटात तपासा, मग खऱ्या ओपीडीत, मग छोटी पायलट, म्हणजे थोड्या लोकांवरची आधीची चाचणी, आणि नंतरच मोठी ट्रायल. घाई करून थेट ट्रायल केली आणि साधनातलं एक चित्रच लोकांना उलटं कळत होतं असं नंतर लक्षात आलं तर दोन वर्षं गेली.

मोजायचं काय? इथे नवीन लोक हमखास चुकतात आणि समाधान मोजतात. पेशंट समाधानी असतातच हो, सिस्टर गोड बोलल्या तरी समाधानी असतात. डिसिजनल कॉन्फ्लिक्ट स्केल वापरा, सोळा प्रश्न आहेत, खात्री, माहिती, महत्त्व, आधार आणि निर्णयाची गुणवत्ता असे पाच भाग. शून्य ते शंभर मार्क, २५ च्या खाली असेल तर माणूस सहसा निर्णय अमलात आणतो आणि ३७.५ च्या वर असेल तर टाळाटाळ, चालढकल दिसते. त्याच्या जोडीला ज्ञानाचे थोडे प्रश्न, धोक्याचा अंदाज बरोबर आहे का, आणि निवडलेला पर्याय त्याने सांगितलेल्या महत्त्वाशी जुळतो का. नंतर पश्चात्ताप मोजायला पाच प्रश्नांची डिसिजन रिग्रेट स्केल आहे, २००३ ची. निकाल वाईट आला म्हणजे निर्णय वाईट होता असं नाही, हे स्वतःला आणि पेशंटला दोघांनाही सांगावं लागतं, कारण सगळं समजून उमजून घेतलेल्या निर्णयानंतरही कॅन्सर परत येऊ शकतो.

भाषांतराबद्दल एक कळकळीची विनंती. स्केल मराठीत हवी म्हणून रात्रीत स्वतःच भाषांतर करून वापरू नका. दोघांनी स्वतंत्र भाषांतर करायचं, मग ते मूळ न बघितलेल्या तिसऱ्याने परत इंग्रजीत न्यायचं, तुलना करायची, मग पेशंटसमोर ठेवून विचारायचं की या वाक्याचा तुम्ही काय अर्थ घेतला. "व्हॅल्यूज" ला मी आधी "मूल्ये" लिहिलं होतं. एका आजींनी वाचलं आणि म्हणाल्या, "म्हणजे किती पैसे लागतील तेच ना?" तो शब्द तिथेच गेला, त्या जागी "तुम्हाला काय महत्त्वाचं वाटतं" आलं.

डॉक्टर म्हणतील वेळ नाही

म्हणतीलच, आणि त्यांचं खोटं नसतं. तुमच्याकडे पुरावा असू द्या. कॉक्रेन रिव्ह्यूच्या २०२४ च्या आवृत्तीत २०९ अभ्यास आणि १,०७,६९८ लोक आहेत, ७१ वेगवेगळे निर्णय. त्यात दिसतं की डिसिजन एड वापरलेल्यांना जास्त माहिती असते, धोक्याचा अंदाज जास्त बरोबर असतो आणि निवड त्यांना जे महत्त्वाचं त्याच्याशी जास्त जुळते. वेळेचं म्हणाल तर साधन डॉक्टरांच्या समोर बसूनच वापरलं तर भेट सरासरी दीड मिनिटाने लांबते, आणि भेटीच्या आधीच देऊन ठेवलं तर लक्षात येण्यासारखा फरक पडत नाही. म्हणून आधी द्या. आणि आधी देणारी, त्यावर बोलणारी व्यक्ती नर्सच असू शकते, याला डिसिजन कोचिंग म्हणतात आणि त्यावर स्वतंत्र रिसर्च चालू आहे, तिथे अजून खूप जागा आहे. नवीन मुलींनो, इकडे बघा.

डॉक्टरांशी बोलताना "तुम्ही पेशंटचं ऐकत नाही" या सुरात गेलात तर दार बंद. "तुमचा पेशंट तयारीने येईल, तेच तेच प्रश्न कमी होतील" या सुरात जा. एका विभागातल्या एका डॉक्टरला पटलं की पुरे असतं, बाकीचे त्यांचं बघून येतात.

लांबच्या वाटेबद्दल थोडं

मेंटॉर शोधताना नावापेक्षा त्या माणसाचे आधीचे विद्यार्थी काय करतायत ते बघा. ओ'कॉनर यांच्या कामाचं मला सगळ्यात जास्त काय आवडतं तर ते त्यांच्याबरोबर थांबलं नाही. डॉन स्टेसी, त्याही नर्स, फोनवरून पेशंटना सल्ला देणाऱ्या कॉल सेंटरमधल्या नर्सेस निर्णयाला मदत कशी करू शकतात यावर त्यांनी ओटावात काम केलं, आणि २०११ पासून तोच कॉक्रेन रिव्ह्यू त्यांच्या नावाने पुढे चाललाय. पहिल्या लेखिकेचं नाव बदललं, प्रश्न तोच राहिला.

पेपर नाकारले जातील, ग्रँट मिळणार नाही, "हे काय, सॉफ्ट विषय" असं ऐकावं लागेल. वॉर्ड पूर्ण सोडू नका शक्य असेल तर, आठवड्यातून एक दिवस का होईना. माझे चांगले प्रश्न सगळे वॉर्डातून आलेत, लायब्ररीतून एकही नाही.

आणि केलेलं साधन सोडून देऊ नका. जुलै २००२ मध्ये अमेरिकेतल्या वुमेन्स हेल्थ इनिशिएटिव्ह या बायकांच्या आरोग्यावरच्या मोठ्या अभ्यासाने इस्ट्रोजेन आणि प्रोजेस्टिन ही हार्मोन्स एकत्र देण्याची ट्रायल मध्येच थांबवली, कारण फायद्यापेक्षा धोका जास्त दिसला, स्तनाचा कॅन्सर, हृदयविकार, पक्षाघात. त्या दिवसापर्यंत हार्मोन थेरपीवर जगात जितकी माहितीपत्रकं आणि साधनं होती ती सगळी एका फटक्यात जुनी झाली, आणि तरी कुठल्या तरी ओपीडीच्या रॅकवर ती पुढेही पडून राहिली असणार, कोणीतरी ती उचलून घरी नेली असणार. म्हणून साधनाच्या मागच्या पानावर दोन तारखा मोठ्या अक्षरात छापा, पुरावा कधीपर्यंतचा बघितला आणि पुढची तपासणी कधी, आणि ती दुसरी तारीख स्वतःच्या फोनमध्ये रिमाइंडर लावून ठेवा. माझ्या फोनमध्ये सध्या असे चार रिमाइंडर आहेत, त्यातला एक पुढच्या महिन्यातला, डायलिसिसवाल्या पुस्तिकेचा. यावेळी तपासायला दोन ज्युनियर सिस्टर बरोबर घेतल्यात, म्हणजे त्या रिमाइंडरची तारीख आता तीन फोनमध्ये आहे.